आंतरराष्ट्रीय मध्यस्थीचा अभ्यास कसा करावा : नवागतांसाठी पायरीपायरीने मार्गदर्शन

हा लेख आंतरराष्ट्रीय संबंधांचा अभ्यास नुकताच सुरू केलेल्या विद्यार्थ्यांसाठी आणि परराष्ट्र घडामोडींवर लिहू लागलेल्या तरुण पत्रकारांसाठी आहे. दोन राष्ट्रांच्या वादात तिसऱ्याने केलेली मध्यस्थी नेमकी कशी चालते, हे एखादे प्रत्यक्ष प्रकरण हाती घेऊन क्रमाने कसे तपासावे, एवढाच त्याचा विषय आहे. मुख्य उदाहरण म्हणून मी भारत आणि पाकिस्तान यांच्यातील १९६० सालचा सिंधू जल करार घेतला आहे. जागतिक बँकेने घडवून आणलेली ही मध्यस्थी सुमारे नऊ वर्षे चालली, तिचे टप्पे नोंदलेले आहेत आणि तिच्यातून निघालेल्या करारावर आजही वाद सुरू आहे. शिकण्यासाठी याहून चांगले प्रकरण आपल्या जवळपास सापडणे कठीण आहे.

सुरुवातीलाच माझे मत सांगून ठेवतो, कारण पुढच्या सगळ्या पायऱ्या त्यावर उभ्या आहेत. नवखा अभ्यासक बहुधा मध्यस्थाचे व्यक्तिमत्त्व, त्याचे वजन आणि त्याचा निःपक्षपातीपणा पाहत बसतो. मध्यस्थाने दोन्ही पक्षांसमोर कोणता प्रश्न ठेवला आणि कोणते प्रश्न जाणीवपूर्वक टेबलावर येऊ दिले नाहीत, हे आधी पाहावे. मध्यस्थीचे यशापयश बऱ्याच अंशी तिथेच ठरते.

पहिली पायरी : अंतिम निर्णय कोणाचा, हे ठरवा

संयुक्त राष्ट्रांच्या सनदेच्या ३३व्या कलमात वाद शांततेने सोडवण्याचे मार्ग ओळीने दिले आहेत : वाटाघाटी, चौकशी, मध्यस्थी, समेट, लवाद, न्यायालयीन निवाडा आणि प्रादेशिक संस्थांचा आधार. बातम्यांमध्ये हे शब्द एकमेकांच्या जागी सर्रास वापरले जातात, म्हणून वाचताना स्वतःला एकच प्रश्न विचारावा : तिसऱ्याने जे सांगितले, ते मानण्याचे बंधन पक्षांवर आहे का? लवादात आणि न्यायालयात ते असते. मध्यस्थीत नसते. १८९९ आणि १९०७ सालच्या हेग परिषदांमधील करारांनी मध्यस्थाच्या सूचनेला केवळ सल्ल्याचे स्थान दिले, आणि मध्यस्थी देऊ करणे हे शत्रुत्वाचे कृत्य समजले जाऊ नये, असेही स्पष्ट केले.

मध्यस्थीच्या अलीकडे आणखी एक सौम्य प्रकार आहे, त्याला सदिच्छा प्रयत्न म्हणतात. त्यात तिसरा पक्ष फक्त बोलणी सुरू करून देतो, जागा देतो, निरोप पोहोचवतो. तोडग्याचा मसुदा स्वतः मांडत नाही. प्रत्यक्षात एकाच प्रकरणात मध्यस्थ एका भूमिकेतून दुसऱ्या भूमिकेत सरकत जातो, आणि तो कधी सरकला हे टिपणे हाच अभ्यासाचा एक महत्त्वाचा भाग आहे. जागतिक बँकेने १९५१ मध्ये सदिच्छा प्रयत्न देऊ केले होते. १९५४ मध्ये तिने स्वतःचा तोडगा लेखी मांडला.

लवाद आणि मध्यस्थी यांतला फरक बीगल खाडीच्या प्रकरणात स्वच्छ दिसतो. दक्षिण अमेरिकेच्या टोकाशी असलेली पिक्टन, नुएवा आणि लेनॉक्स ही तीन बेटे चिलीची की अर्जेंटिनाची, हा वाद ब्रिटनच्या राणीच्या नावाने लवादाकडे गेला आणि १९७७ मध्ये निवाडा चिलीच्या बाजूने लागला. अर्जेंटिनाने जानेवारी १९७८ मध्ये तो धुडकावला आणि त्या वर्षीच्या डिसेंबरात दोन्ही देश युद्धाच्या उंबरठ्यावर येऊन ठेपले. तेव्हा पोप जॉन पॉल दुसरे यांनी कार्डिनल अंतोनियो सामोरे यांना पाठवले. ८ जानेवारी १९७९ रोजी मोंतेविदेओ येथे दोन्ही देशांनी पोपची मध्यस्थी स्वीकारली, आणि २९ नोव्हेंबर १९८४ रोजी करारावर सह्या झाल्या. बेटे अखेर चिलीकडेच राहिली. मग मध्यस्थीने निराळे काय केले? लवादापुढचा प्रश्न मुख्यतः बेटांच्या मालकीचा होता. मध्यस्थीत त्या बेटांभोवतीच्या समुद्रावरील हक्कांची रचना वेगळी करता आली, आणि अर्जेंटिनाला अटलांटिकच्या बाजूची जी चिंता होती तिला उत्तर मिळाले.

दोन्ही मार्ग एकामागून एकही येऊ शकतात. एप्रिल १९६५ मध्ये कच्छच्या रणात भारत आणि पाकिस्तानच्या फौजा भिडल्यानंतर ब्रिटनचे पंतप्रधान हॅरॉल्ड विल्सन यांच्या मध्यस्थीने ३० जून १९६५ रोजी समझोता झाला. त्यातच सीमेचा प्रश्न त्रिसदस्य लवादाकडे सोपवण्याची तरतूद होती, आणि त्याचा निवाडा १९ फेब्रुवारी १९६८ रोजी आला. वादग्रस्त प्रदेशाचा सुमारे दहावा हिस्सा पाकिस्तानला मिळाला. देशात मोठा विरोध असतानाही भारताने तो पाळला.

दुसरी पायरी : वादाची तारीखवार जंत्री करा

मध्यस्थाच्या आगमनापासून वाचायला सुरुवात करू नका. वहीच्या पानावर तारीख, घटना, पहिल्या पक्षाचे म्हणणे आणि दुसऱ्या पक्षाचे म्हणणे असे चार रकाने आखा आणि वाद जिथे सुरू झाला तिथून भरत या.

सिंधूच्या बाबतीत ती सुरुवात फाळणीत आहे. १९४७च्या सीमारेषेने पंजाबातील कालव्यांचे जाळे मधोमध कापले; पाणी सोडणारी काही मुख्य धरणद्वारे भारताकडे आली आणि त्या पाण्यावर भिजणारी शेती पाकिस्तानात गेली. तात्पुरता 'जैसे थे' समझोता ३१ मार्च १९४८ रोजी संपला, आणि दुसऱ्याच दिवशी पूर्व पंजाबने फिरोजपूरहून निघणाऱ्या दिपालपूर कालव्याचे व अप्पर बारी दोआब कालव्याच्या पाकिस्तानकडे जाणाऱ्या शाखांचे पाणी बंद केले. ४ मे १९४८ रोजी दिल्लीत दोन्ही सरकारांमध्ये समझोता होऊन पाणी पुन्हा सुटले. पण त्या समझोत्याचा अर्थ काय, यावर लगेच मतभेद झाले. पाकिस्तानला हे प्रकरण आंतरराष्ट्रीय न्यायालयात न्यायचे होते, तर भारताचा त्याला विरोध होता.

ही जंत्री पूर्ण झाली की दोन्ही बाजूंची मागणी आणि त्या मागणीमागची गरज वेगळी लिहून काढा. खालच्या अंगाला असलेल्या पाकिस्तानची मागणी जुन्या वहिवाटीच्या हक्काची होती. त्यामागची गरज म्हणजे उद्या कोणी वरून पाणी तोडू शकणार नाही, ही खात्री. भारताची मागणी आपल्या हद्दीतील नद्यांवरील अधिकाराची होती. गरज म्हणजे पूर्व पंजाब आणि राजस्थानच्या कोरड्या जमिनीला, भाक्रा-नांगलसारख्या प्रकल्पांना लागणारे पाणी. मागण्या एकमेकींना छेद देत होत्या, पण गरजा तितक्या देत नव्हत्या. मध्यस्थाला काम करायला जागा मिळाली ती याच अंतरात.

तिसरी पायरी : नेमके आत्ताच का, हे विचारा

वाद वर्षानुवर्षे चालू असतो आणि मध्यस्थी एखाद्या विशिष्ट वर्षीच स्वीकारली जाते. विल्यम झार्टमन या अभ्यासकाने यासाठी वाद 'पिकण्याची' कल्पना मांडली आहे : दोन्ही पक्षांना टोचणारी कोंडी झालेली असावी आणि बोलण्यातून बाहेर पडायची वाट आहे असे दोघांनाही वाटावे. या कल्पनेवर आक्षेपही आहेत, तरी नवख्यासाठी ती चांगली कसोटी आहे.

सिंधूच्या प्रकरणात कोंडी पैशाचीही होती. भारताला भाक्रा-नांगलसाठी आणि पाकिस्तानला कोटरी बंधाऱ्यासाठी जागतिक बँकेचे कर्ज हवे होते, आणि नदीच्या पाण्याचा वाद मिटल्याखेरीज अशा प्रकल्पांना पैसे देणे बँकेला अवघड होते. म्हणजे मध्यस्थ म्हणून पुढे आलेली संस्था दोघांच्याही गरजेची होती. ही गोष्ट करारात कुठेही लिहिलेली नाही. ती अशी शोधूनच काढावी लागते.

चौथी पायरी : मध्यस्थाचे स्वतःचे काय, ते तपासा

मध्यस्थाला स्वतःचा स्वार्थ नसावा, अशी एक भाबडी अपेक्षा आपल्याकडे असते. इतिहास तिला फारसा दुजोरा देत नाही, आणि मराठी वाचकाला त्यासाठी दूर जाण्याचीही गरज नाही. पहिले इंग्रज-मराठा युद्ध संपवणारा सालबाईचा तह १७ मे १७८२ रोजी झाला. ईस्ट इंडिया कंपनीतर्फे डेव्हिड अँडरसन आणि पेशव्यांतर्फे महादजी शिंदे यांनी तो ठरवला. महादजी पेशव्यांचेच सरदार होते. तरी त्याआधी ऑक्टोबर १७८१ मध्ये त्यांनी इंग्रजांच्या कर्नल म्यूरशी स्वतंत्र समझोता केला होता आणि पुणे दरबार व कंपनी यांच्यात तडजोड घडवून आणण्याचे पत्करले होते. तहात ते दोन्ही बाजूंचे हमीदार म्हणून उभे राहिले. त्यातून त्यांना भडोच मिळाले आणि उत्तरेत हातपाय पसरायला मोकळीक मिळाली. साष्टी मात्र इंग्रजांकडेच राहिली. पुण्यात नाना फडणिसांनी या तहाला मान्यता देण्यास कित्येक महिने लावले आणि मंजूर तहनाम्यांची अदलाबदल फेब्रुवारी १७८३ मध्ये झाली. महादजींचा स्वार्थ उघड होता, आणि तो होता म्हणूनच तह टिकण्यात त्यांना रस होता. नवख्या अभ्यासकाने मध्यस्थाचा स्वार्थ दिसला की नाक मुरडू नये. तो स्वार्थ करार टिकण्याच्या दिशेने ओढतो की मोडण्याच्या, हे पाहावे.

यासाठी तीन गोष्टी नोंदवा : मध्यस्थाकडे देण्यासारखे काय आहे, रोखून धरण्यासारखे काय आहे, आणि दोन्ही बाजूंचा दरवाजा त्याला कशामुळे उघडा आहे. १९८०-८१ मध्ये इराणमध्ये ओलीस ठेवलेल्या अमेरिकनांच्या सुटकेसाठी अमेरिका आणि इराण यांच्यात अल्जेरियाने मध्यस्थी केली, तेव्हा अल्जेरियाकडे पैसा किंवा फौज यांपैकी काहीच देण्यासारखे नव्हते. त्याच्याकडे इराणमधल्या क्रांतिकारकांचा विश्वास होता आणि अमेरिकेचे म्हणणे अचूकपणे पोहोचवणारे मुरब्बी राजनैतिक अधिकारी होते. त्या वाटाघाटींत आघाडीवर असलेले परराष्ट्रमंत्री मोहम्मद बेनयाहिया पुढे इराण-इराक युद्धात मध्यस्थी करत असताना ३ मे १९८२ रोजी विमान पाडले गेल्याने मृत्युमुखी पडले. पॅलेस्टाइनमध्ये संयुक्त राष्ट्रांचे मध्यस्थ म्हणून गेलेले काउंट फोल्के बर्नाडॉट यांची १७ सप्टेंबर १९४८ रोजी जेरुसलेममध्ये हत्या झाली. हे काम किती जोखमीचे आहे, याची जाणीव अभ्यास करताना कायम असावी.

पाचवी पायरी : मध्यस्थाने मांडलेला प्रश्न शब्दशः लिहून काढा

या पायरीवर सर्वांत जास्त वेळ द्या.

अमेरिकेच्या टेनेसी खोरे प्राधिकरणाचे माजी अध्यक्ष डेव्हिड लिलिएंथल यांनी १९५१च्या सुरुवातीला भारत आणि पाकिस्तानचा दौरा केला आणि परत गेल्यावर एका अमेरिकन नियतकालिकात लेख लिहिला. सिंधूच्या पाण्याचा वाद अभियांत्रिकीच्या अंगाने सोडवता येईल आणि त्यात जागतिक बँकेने पुढाकार घ्यावा, असे त्यांनी सुचवले. बँकेचे अध्यक्ष यूजीन ब्लॅक यांनी त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये दोन्ही पंतप्रधानांना पत्रे पाठवली, आणि पुढे मार्च १९५२ मध्ये बोलण्यांचा पाया ठरला. त्याचा गाभा असा : खोऱ्यात दोघांनाही पुरेल इतके पाणी आहे, सगळ्या खोऱ्याचा विकास एक एकक समजून सहकार्याने करावा, आणि हा प्रश्न राजकीय पातळीवर न पाहता कामाच्या पातळीवर पाहावा, मागील वाटाघाटी व जुने दावे त्यात आणू नयेत. बोलणी चालू असताना दुसऱ्याचे चालू पाणी कमी होईल असे कोणी काही करायचे नाही, हेही ठरले.

आता या मांडणीत काय नाही ते पाहा. काश्मीर नाही. १९४८च्या समझोत्याचा अर्थ नाही. वरच्या अंगाच्या देशाचा अधिकार मोठा की खालच्या अंगाची वहिवाट मोठी, हा कायद्याचा प्रश्नही नाही. 'पाणी कोणाचे' याच्या जागी 'आहे ते पाणी कोणत्या कालव्यांनी आणि धरणांनी कोणाला पुरवता येईल' हा प्रश्न आला, आणि त्याचे उत्तर द्यायला वकिलांऐवजी अभियंते बसले. भारताच्या बाजूने निरंजनदास गुल्हाटी, तर बँकेतर्फे अमेरिकी लष्करातील निवृत्त अभियंता लेफ्टनंट जनरल रेमंड व्हीलर हे या कामात होते. मे १९५२ मध्ये वॉशिंग्टनला पहिली बैठक झाली, पुढे कराची आणि दिल्लीतही बैठका झाल्या.

पण प्रश्न बदलल्याने वाद आपोआप सुटत नाही, हेही याच प्रकरणात शिकायला मिळते. ऑक्टोबर १९५३ मध्ये दोन्ही बाजूंनी आपापले आराखडे दिले. एकूण वापरण्याजोग्या पाण्याचा अंदाज दोघांचाही जवळपास सारखा होता, सुमारे ११८ ते ११९ दशलक्ष एकर-फूट (एक एकर जमिनीवर एक फूट उभे राहील इतके पाणी म्हणजे एक एकर-फूट). भारताने स्वतःसाठी २९ आणि पाकिस्तानसाठी ९० मागितले. पाकिस्तानने भारतासाठी १५.५ आणि स्वतःसाठी १०२.५ मागितले. मोजमापावर एकमत आणि वाटणीवर पूर्ण मतभेद, अशी ही अवस्था होती. शिवाय एकत्रित विकासाची कल्पनाच दोघांना नकोशी झाली होती, कारण तिच्यात एकाचे कालवे कायम दुसऱ्याच्या हद्दीतील धरणांवर अवलंबून राहणार होते.

तेव्हा बँकेने प्रश्न पुन्हा एकदा बदलला. ५ फेब्रुवारी १९५४ रोजी तिने स्वतःचा प्रस्ताव दिला : सतलज, बियास आणि रावी या पूर्वेकडील तीन नद्या भारताला, सिंधू, झेलम आणि चिनाब या पश्चिमेकडील तीन पाकिस्तानला, काही मर्यादित अपवाद सोडून. पाण्याची टक्केवारी बाजूला पडली आणि नद्यांचीच वाटणी झाली. एका विहिरीच्या पाळ्यांवरून रोज भांडणाऱ्या भावांना दोन वेगळ्या विहिरी द्याव्यात, तसा हा तोडगा होता. खोऱ्याचा एकत्रित विकास हे लिलिएंथल यांचे मूळ स्वप्न त्यात मागे पडले. मला तो निर्णय योग्य वाटतो. एकमेकांवर विश्वास नसलेल्या दोन शेजाऱ्यांना सहकार्याची सक्ती करण्यापेक्षा, रोजच्या परवानगीची गरजच उरणार नाही अशी रचना करणे अधिक प्रामाणिक होते. पर्यावरणाच्या आणि संपूर्ण नदीखोऱ्याच्या दृष्टीने पाहणारे अभ्यासक मात्र यावर टीका करतात, आणि ती टीकाही वहीत नोंदवून ठेवावी.

कोणत्याही प्रकरणात असे दोन रकाने करा : 'मध्यस्थाने विचारलेला प्रश्न' आणि 'बाजूला ठेवलेला प्रश्न'. दुसऱ्या रकान्यातील गोष्टी नाहीशा झालेल्या नसतात. करार पुढे कुठे दुखेल, हे बरेचदा तिथून कळते.

सहावी पायरी : बोलणी कोणत्या पद्धतीने चालली, ते पाहा

दोन्ही पक्ष एका खोलीत बसले, की मध्यस्थ दोन खोल्यांमध्ये ये-जा करत होता? बर्नाडॉट यांच्यानंतर सूत्रे हाती घेतलेले राल्फ बंच यांनी १९४९ च्या आरंभी ऱ्होड्स बेटावरील एका हॉटेलात इजिप्त आणि इस्रायलच्या प्रतिनिधींना ठेवले आणि आधी दोघांशी वेगवेगळे बोलून, मग एकत्र बसवून २४ फेब्रुवारीला युद्धविराम करार घडवला. पुढच्या वर्षी त्यांना शांततेचे नोबेल पारितोषिक मिळाले.

कॅम्प डेव्हिड या अमेरिकी अध्यक्षांच्या विश्रामस्थळी ५ ते १७ सप्टेंबर १९७८ असे तेरा दिवस अमेरिकेचे अध्यक्ष जिमी कार्टर, इजिप्तचे अध्यक्ष अन्वर सादात आणि इस्रायलचे पंतप्रधान मेनाकेम बेगिन एकाच आवारात होते. पण सुरुवातीच्या भेटींत कटुता वाढल्यावर कार्टर यांनी सादात आणि बेगिन यांना समोरासमोर बसवणे जवळपास थांबवले. अमेरिकी चमूने एकच मसुदा तयार केला, तो आळीपाळीने दोघांकडे नेऊन आक्षेप घेतले आणि दुरुस्त करत राहिले. एकूण तेवीस आवृत्त्या झाल्या. या पद्धतीचा फायदा असा की समोरच्याच्या प्रस्तावाला होकार देण्याची नामुष्की कोणावर येत नाही. दोघेही मध्यस्थाच्या कागदावर बोट ठेवून बोलतात.

अल्जेरियाने तर सहीचा प्रश्नच वळसा घालून सोडवला. अमेरिका आणि इराण यांनी एका कागदावर एकत्र सही केली असा आभास कोणालाच नको होता, म्हणून १९ जानेवारी १९८१ रोजी अल्जेरियाच्या सरकारने आपल्या नावाने घोषणा केल्या आणि दोन्ही देशांनी त्यांना बांधून घेतले. दुसऱ्या दिवशी ५२ ओलीस ४४४ दिवसांनी सुटले. आर्थिक दाव्यांसाठी हेग येथे खास न्यायाधिकरण नेमले गेले.

सातवी पायरी : पैसा आणि हमी कोणाची, ते शोधा

१९५४ चा प्रस्ताव भारताने लवकर स्वीकारला, पण करार व्हायला आणखी सहा वर्षे लागली. पूर्वेकडील नद्या भारताला गेल्या तर त्यांच्यावर अवलंबून असलेल्या पाकिस्तानी कालव्यांना पश्चिमेकडील नद्यांमधून पाणी आणावे लागणार, त्यासाठी जोडकालवे आणि साठवणूक लागणार, आणि त्याचा खर्च कोण करणार, हा सवाल मधे उभा होता. साठवणुकीची गरज बँकेने १९५६ मध्ये मान्य केली. बँकेचे उपाध्यक्ष विल्यम इलिफ यांनी पुढची बोलणी नेटाने चालवली. अखेर ऑस्ट्रेलिया, कॅनडा, पश्चिम जर्मनी, न्यूझीलंड, ब्रिटन आणि अमेरिका यांच्या मदतीने सिंधू खोरे विकास निधी उभा राहिला, त्याचा आकार सुमारे ९० कोटी डॉलर होता. भारताने ६,२०,६०,००० पौंड दहा समान वार्षिक हप्त्यांत द्यायचे ठरले. झेलमवरील मंगला धरण या निधीच्या कामांपैकी एक होय. करारावर १९ सप्टेंबर १९६० रोजी कराचीत जवाहरलाल नेहरू आणि अयुब खान यांनी सह्या केल्या, आणि काही ठरावीक कलमांपुरती बँकेतर्फे इलिफ यांनीही सही केली. मध्यस्थाने कोणत्या कलमांपुरती सही केली, हे वाचल्याशिवाय त्याची जबाबदारी किती आहे ते कळत नाही.

हमी नेहमी पैशाचीच नसते. कधी कोणीतरी प्रत्यक्ष जमिनीवर उभे राहावे लागते. कोरियात १९५३ च्या युद्धविरामानंतर मायदेशी परतण्यास नकार देणाऱ्या बावीस हजारांहून अधिक युद्धकैद्यांचे काय करायचे, यासाठी तटस्थ राष्ट्रांचा आयोग नेमला गेला. त्याचे अध्यक्ष जनरल थिमय्या होते, आणि कैद्यांचा ताबा सांभाळणाऱ्या भारतीय दलाचे नेतृत्व कोल्हापूरचे सुपुत्र मेजर जनरल एस. पी. पी. थोरात यांच्याकडे होते. दक्षिण कोरियाच्या सरकारने भारतीय सैनिकांना आपल्या भूमीवर पाय ठेवू देण्यास नकार दिल्याने त्यांना हेलिकॉप्टरने निर्लष्करी पट्ट्यात नेण्यात आले. मध्यस्थीच्या अभ्यासात ही बाजू फार दुर्लक्षित राहते : कागदावर तोडगा निघाल्यानंतर कोणी तरी दोन्हीकडची नाराजी अंगावर घेत तो पार पाडायचा असतो.

आठवी पायरी : करार शेवटाकडून वाचा

संयुक्त राष्ट्रांच्या सनदेच्या १०२व्या कलमानुसार सदस्य देशांनी केलेले करार नोंदवले जाऊन प्रसिद्ध होतात, त्यामुळे मूळ पाठ मिळवणे अवघड नसते. प्रस्तावनेतील सुंदर वाक्ये नंतरसाठी ठेवा. आधी तीन गोष्टी शोधा : मतभेद झाल्यास काय करायचे, करार बदलायचा किंवा संपवायचा कसा, आणि संक्रमणकाळ किती.

सिंधू जल करारात बारा कलमे आणि आठ परिशिष्टे आहेत. नवव्या कलमात तीन पायऱ्या आहेत : साधा 'प्रश्न' दोन्ही देशांच्या आयुक्तांचा स्थायी सिंधू आयोग पाहतो, तिथे न सुटलेला तांत्रिक 'मतभेद' तटस्थ तज्ज्ञाकडे जातो, आणि 'वाद' लवाद न्यायालयाकडे जातो. हा कागदी जिना पुढे खरोखर वापरला गेला. चिनाबवरील बगलिहार प्रकल्पावर तटस्थ तज्ज्ञ रेमंड लाफित यांनी फेब्रुवारी २००७ मध्ये निर्णय दिला. किशनगंगा प्रकल्पावर लवाद न्यायालयाने २०१३ मध्ये. मात्र २०१६ मध्ये भारताने तटस्थ तज्ज्ञ मागितला आणि पाकिस्तानने लवाद न्यायालय मागितले, तेव्हा एकाच विषयावर दोन पायऱ्या एकाच वेळी चढता येतात का, याचे उत्तर करारात नव्हते. बँकेने आधी दोन्ही प्रक्रिया थांबवल्या आणि २०२२ मध्ये दोन्ही नेमणुका केल्या; भारताने लवाद न्यायालयाची कार्यवाही मानली नाही.

बाराव्या कलमानुसार दोन्ही सरकारांनी त्याच हेतूने नवा करार करून त्याला मान्यता देईपर्यंत हा करार चालू राहतो. पहलगाम येथील २२ एप्रिल २०२५ च्या दहशतवादी हल्ल्यानंतर दुसऱ्या दिवशी भारताने हा करार स्थगित ठेवत असल्याचे जाहीर केले. त्यानंतर आपली भूमिका सोय करून देणाऱ्यापलीकडे नाही, असे जागतिक बँकेचे अध्यक्ष अजय बंगा यांनी सांगितले. (बंगा यांचा जन्म पुण्याजवळच्या खडकीचा.) १९६० च्या सहीची मर्यादा इथे कामाला येते : बँकेने तोडगा घडवला, पण तो पाळला जाईल याची हमी घेतलेली नव्हती. आणि पाचव्या पायरीवरचा दुसरा रकाना काढून पाहिलात तर बाजूला ठेवलेले राजकीय प्रश्नच पाण्याच्या प्रश्नावर चाल करून आलेले दिसतील.

नववी पायरी : स्वतः एक प्रकरण सोडवून पाहा

सरावासाठी ताश्कंद निवडा. १९६५ च्या युद्धानंतर सोव्हिएत पंतप्रधान अलेक्सी कोसिगिन यांनी लालबहादूर शास्त्री आणि अयुब खान यांना तिथे बोलावले. भारतीय शिष्टमंडळात संरक्षणमंत्री यशवंतराव चव्हाण होते. १० जानेवारी १९६६ रोजी घोषणापत्रावर सह्या झाल्या आणि त्याच रात्री शास्त्रीजींचे निधन झाले. पाठ छोटा आहे, तासाभरात दोनदा वाचून होतो. दोन्ही फौजांनी २५ फेब्रुवारी १९६६ पर्यंत ५ ऑगस्ट १९६५ पूर्वीच्या जागी परतावे, हे त्यात स्पष्ट आहे. जम्मू-काश्मीरबद्दल मात्र चर्चा झाली आणि प्रत्येक बाजूने आपली भूमिका मांडली, एवढेच म्हटले आहे. दोन रकाने भरायला ही दोन वाक्ये पुरतात. मग पुढे २ जुलै १९७२ चा सिमला करार घ्या आणि त्यातील द्विपक्षीय वाटाघाटींचा, अथवा परस्परांना मान्य अशा अन्य शांततापूर्ण मार्गांचा उल्लेख ताश्कंदशेजारी ठेवून वाचा. तिसऱ्या पक्षाच्या मध्यस्थीला आज भारत जो नकार देतो, त्याचा आधार तिथे आहे.

शेवटी ताश्कंद घोषणापत्राचा अखेरचा परिच्छेद पुन्हा वाचा. दोन्ही नेत्यांनी त्यात कोसिगिन यांना या घोषणापत्राचे साक्षीदार होण्याची विनंती केली आहे. सालबाईच्या तहात महादजी शिंदे हमीदार होते. साक्षीदार आणि हमीदार यांच्या जबाबदारीत काय फरक पडला, आणि दोन्ही ठिकाणी करार मोडल्यास तक्रार घेऊन कोणाच्या दारी जाता आले असते, याचे उत्तर अर्ध्या पानात लिहा, आणि त्याच कसोटीवर सिंधू करारातील बँकेची सही तपासा.